तोफांच्या गावात सशांची खोली

देवास, भाद्रपद शु. ११, शके १८२९

कापशीनं पिलं खाल्ली. सगळी नाही, दोन अर्धी टाकली. सकाळी टोपल्यावरचं फडकं उचललं तर तिच्या तोंडाला रक्त, आणि खालच्या लोकरीत एक पाय, माझ्या करंगळीच्या नखाएवढा. ओकारी आली. मग रडू आलं. मग राग आला, तो अजून गेलेला नाही.

दोष तिचा नाही. काल स्वारीनं चौकात उभं राहून कावळ्यांवर बंदूक झाडली. का, तर कावळे ओरडतात! वाघ्या कुत्रा चेकाळून माझ्या दारावर पंजे मारायला लागला. मी म्हणाले, घरात ओली बाळंतीण आहे, जरा भान असावं. इकडून विचारणं झालं, "कोण बाळंतीण?" मी सशांच्या टोपल्याकडे बोट केलं. काडकन कानशिलात बसली. अजून डाव्या कानात घुंघुं चाललंय.

सासूबाई म्हणाल्या, "स्वतःची पिलं खाणारी जात घरात ठेवू नये. त्यातून ज्या घरात सुनेची कूस दोनदा रिती झाली तिथं तर..." पुढचं गिळलं. बोलून टाकलं असतं तर बरं झालं असतं.

सासूबाईंचा निवाडा असा : आणखी एक वेत. पिलं जगली तर ससे राहतील. नाही जगली तर दोन्ही पातेल्यात. स्वारीला सशाचं कालवण फार आवडतं.

नागपंचमीला माझ्या दादानं महूच्या छावणीतून ही पांढरी जोडी आणली तेव्हा म्हणाला होता, "ताई, तुला सोबत." या घरात सोबत म्हणजे आणखी एक जीव मार खायला. दुपारी जोडीतल्या नराला, ढब्बूला, तिच्याजवळ सोडलं. महिन्यानं कळेल.

भा. शु. १४

कोठीमागची अडगळीची खोली मागून घेतली. एकच झरोका, तोही परसाकडे. कामवाल्या गंगूला घेऊन झाडली. भिंतींना गोणपाट ठोकलं, खाली साळीचा पेंढा घातला, बिजागऱ्यांना तेल सोडलं, उंबऱ्याला जुन्या गोधडीची पट्टी शिवून लावली म्हणजे दार आपटणार नाही. पितळ आत न्यायचं नाही. पाणी मातीच्या परळात.

माहेरी धारला आबा पागेवर होते. बुजरं शिंगरू आलं की तासन्‌तास नुसते त्याच्याजवळ बसायचे. म्हणायचे, "बाळ, जनावर तुझे हात नाही बघत, तुझा श्वास ऐकतं. आधी तो खाली आण." तेव्हा हसायचे मी. आज खोलीत जाऊन बसले तर माझाच श्वास भात्यासारखा. स्वारीचा विचार मनात होता म्हणून. तो काढला तेव्हा कुठं कापशीनं कान पाडले.

भा. व. २

मुडदा बशिवला त्या वाघ्याचा!

दुपारी गंगू ओरडत आली, "बाईसा, कुत्तो मांय घुसी गयो!" तो आपण होऊन घुसला नव्हता, सोडला होता. स्वारी आणि भावजी दारात उभे राहून हसत होते, ससा कसा उडतो ते बघायला. ढब्बू कोपऱ्यात, कापशी माझ्या लुगड्यात. धावत येताना चुलीजवळची लोखंडी फुंकणी हाती लागली होती, ती वाघ्याच्या जबड्यावर घातली. दात तुटून पडला. तो मला चावला, मी आणखी घातली.

मग हसणं थांबलं. वेणी धरून फरफटत चौकापर्यंत नेलं. भावजी म्हणाले, "दादासाहेब, जाऊ द्या, वहिनीसाहेब आहेत." जाऊ दिलं. मनगटावर दातांची भोकं आहेत, त्यात हळद भरली. मार मला पडला पण दात कुत्र्याचा पडला, हे आठवून हसू येतं.

कापशीचं पोट चाचपलं. आहे बहुतेक.

भा. व. ५

आज ध्यानात आलं. मी आत गेले की ती दचकते, गंगू गेली तर नाही. गंगूच्या हातात लाखेची एकेक बांगडी. माझा हात काचेच्या चुड्यानं भरलेला. जरा हलला की किणकिण, की कापशीचा मागचा पाय पेंढ्यावर धप्प. घाबरली की अशी पाय आपटते.

आधी बांगड्यांना चिंध्या गुंडाळल्या. तरी काच ती काच. मग तेल लावून सगळ्या उतरवल्या, फोडल्या नाहीत, एकही वाढली नाही. जोडवीही काढली, फरशीवर वाजतात. सगळं आतल्या खुंटीला. बाहेर येताना पुन्हा चढवायचं.

मोकळे हात मी पदराखाली घेतले. सवाशिणीनं असं करू नये हे मला कुणी शिकवायला नको. पण कापशीनं आज माझ्या हातातून मेथी खाल्ली. पहिल्यांदा.

भा. व. १०

पितृपक्षात शिकार नको असं सासूबाई सांगत होत्या. स्वारी गेलीच. टोंकखुर्दकडे ज्वारीत डुकरं पडलीत, कास्तकार रडत आले होते, हे निमित्त.

मी माझ्या खोलीत. सासूबाई कधी नव्हे त्या आत आल्या. दाराला आवाज नाही, माझीच करणी. त्यांनी खुंटीवरचा चुडा पाहिला, मग माझे हात.

"नवरा रानात, आणि ही मोकळ्या हातांनी बसलीय!"

हातात लाटणं होतं. पाठीवर, खांद्यावर, हातांवर तर मोजून नाही, आंधळेपणानं. "कुणाच्या नावानं काढल्यास? सांग, कुणाच्या नावानं?" मी म्हणाले, आईसाहेब, ससा घाबरतो. हे ऐकून तर त्यांनी आणखीच मारलं. मी ओरडले नाही. कापशी पोटुशी होती.

संध्याकाळी बैलगाडी आली. स्वारी गवतावर आडवी, मांडी गुडघ्यापासून वर उसवलेली. डुक्कर भाल्याखालून आत शिरलं म्हणे. आतली पांढरी चरबी दिसत होती. शुद्धीवर होते, गाडीवानाला शिव्या चालू होत्या.

सासूबाईंनी जखमेकडे नंतर पाहिलं. आधी माझ्या हातांकडे.

भा. अमावास्या

दरबारचे डॉक्टर आले होते, त्यांना उंबऱ्यावरूनच लावलं. त्यांच्या औषधात दारू असते. जखमेत सासूबाईंनी स्वतः शेणीची राख भरली आणि वर फडकं आवळलं. या घरात पिढ्यान्‌पिढ्या तलवारीचे घाव असेच भरले, म्हणाल्या.

माझ्याशी कुणी बोलत नाही. मी रांधते ते खातात. गंगू सांगते की आळीभर झालंय, धारवालीनं हात मोकळे केले आणि त्याच दिवशी डुक्कर आलं. आता डुकराला काय माझ्या मनगटाची खबर होती? पण आळीच्या तोंडाला हात कोण लावणार.

जखम वरून सुकतेय. आज वरणात मीठ कमी म्हणून ताट फेकून मारलं. म्हणजे बरं वाटतंय.

आश्विन शु. १

घट बसले. स्वारी काठी टेकत देवघरापर्यंत आली.

धारला एक दरबार, एक दसरा. इथं एका गावात दोन दरबार, थोरली पाती आणि धाकटी पाती, आणि सगळं दोनदा. दोन मिरवणुका, दोन सलाम्या. आम्ही थोरल्या पातीचे, आणि थोरल्या पातीच्या तोफा स्वारीच्या हाताखाली. गेल्या वर्षी कुणीसं म्हणालं की धाकट्या पातीची तोफ जास्त वाजली. तेव्हापासून मिरच्या झोंबल्यात.

आज भावजींना हुकूम झाला. तोफा टेकडीखालच्या जागेवरून उचलून आमच्या आळीच्या तोंडाशी, मोकळ्या पटांगणात आणायच्या. "या दसऱ्याला पलीकडच्यांच्या ताटातली वाटी थरथरली पाहिजे."

मी कापशीचे दिवस बोटांवर मोजले. नेमकी दसऱ्याच्या आसपास. इथं माझं डोकं भणभणायला लागलं.

आ. शु. ४

विडा खाताना स्वारीचं तोंड उघडेना. वैद्य म्हणाले, गार वारा लागला. शेक द्या.

आ. शु. ५

गार वारा नाही.

सकाळी चौकात गंगूच्या हातून घागर निसटली. तो आवाज झाला मात्र, आणि पलंगावर त्यांचं अंग असं वाकलं की टाळू आणि टाचा तेवढ्या गादीवर, मधला देह वर. दातखीळ. ओठ ताणून हसल्यासारखं तोंड, आणि घशातून जो आवाज निघत होता तो मी गुरांचाही ऐकलेला नाही. सासूबाई "बाबा रे" म्हणून धावल्या, पाटल्या वाजल्या, ते पुन्हा वाकले. त्या किंचाळल्या, पुन्हा वाकले. शेवटी मीच त्यांना धरून खोलीबाहेर ढकललं. ढकललं म्हणजे ढकललं.

डॉक्टरांना या वेळी आत घेतलं. धनुर्वात. त्यांनी विचारलं, जखमेत काय भरलं होतं? सासूबाईंनी मान फिरवली. म्हणाले, औषध थोडं, दैव फार. अंधार हवा आणि शांतता हवी. पेला ठेवल्याचा आवाज नको, उजेडाची तिरीप नको. दरेक आचक्यागणिक माणूस झिजतो, त्यातलाच एक नेतो.

सासूबाईंनी माझ्याकडे पाहिलं. या घरात तशी खोली एकच आहे.

पलंग कोठीमागं हलवायचं ठरलं. भावजी सशांचं टोपलं उचलायला वाकले तेव्हा मी आडवी झाले. म्हणाले, कापशी दिवसांत आहे. ससे इथंच राहतील. ते गेले तर मी या खोलीत पाऊल टाकणार नाही, मग तुम्ही सांभाळा. सासूबाईंनी तोंडावर हात दाबून धरला होता. त्यांना स्वतःच्या हुंदक्यावर भरवसा नव्हता, आणि माझ्या श्वासावर होता. "राहू दे," म्हणाल्या.

ज्यानं कुत्रा सोडला त्याला त्याच खोलीत नेऊन निजवलं.

आ. शु. ६

शिसपेन्सिलनं लिहितेय. टाक कुरकुरतो.

दुधात कापूस बुडवून गालाच्या फटीतून पिळते. लाटणं बसल्यापासून बांगड्या हातातच असतात; सकाळी पेला घेऊन वळले तर बांगडीला बांगडी लागली. तेवढ्यानं! त्यांच्या पाठीची कमान झाली, तोंडातून फेस आणि रक्त, जीभ चावली होती. कापशीनं पाय आपटला, धप्प, त्या धप्पनं पुन्हा कमान. मी दोघांच्या मधे गुडघ्यांवर. कुणाला आधी गप्प करू?

सासूबाई दाराच्या फटीतून बघत होत्या. अनवाणी आत आल्या. काही न बोलता माझा हात ओढला, आपल्या पदराला तेल होतं ते लावलं आणि एकेक बांगडी उतरवायला लागल्या. त्यांची बोटं बर्फ. लाटण्याचे वळ माझ्या मनगटावर अजून काळेनिळे होते, त्यांवरूनच काच सरकत होती. सगळ्या काढल्या. जोडवी काढायला त्या माझ्या पायाशी बसल्या तेव्हा मला लाज वाटली, आणि बरंही वाटलं, दोन्ही खरं.

बाहेर जाऊन म्हणाल्या, "जगदंबे, हे मी केलं. तिनं नाही."

आ. शु. ७

आज एक विचार आला. लिहून ठेवते, कुणाला सांगण्यासारखा नाही.

कोनाड्यात पितळी लोटा राहून गेला होता, कुणीतरी सवयीनं ठेवलेला. अगदी कडेला. मी त्याच्याकडे बघत बसले. तो पडला तर माझा काय दोष? ज्या हातानं माझी वेणी ओढली तो हात चादरीवर पडला होता, बोटं आवळलेली. माझी कूस दोन्हीदा का रिती झाली ते या हाताला ठाऊक आहे. मला ठाऊक आहे. आळीला नाही.

लोटा उचलून परसात नेला आणि विहिरीत टाकला.

प्रेम म्हणून नाही. विधवा होऊन सासूबाईंच्या पायाशी उरलेलं आयुष्य काढायची भीती, तीही आहे, पण तेवढीच नाही. ही खोली मी केली आहे. या खोलीत भिऊन कुणी मरायचं नाही, बस्स.

ते बघत होते. नुसते डोळेच हलतात. कधी माझ्याकडे, कधी टोपल्याकडे. कापशीला मी लोकर उपटताना पाहिलं तेव्हा तेही बघत होते. पोटाची लोकर उपटून ती घर मऊ करते. दिवस भरले.

आ. शु. ८

भावजींना म्हणाले, तोफा मागे न्या. त्यांनी मान खाली घातली. "दादासाहेबांचा हुकूम आहे वहिनीसाहेब. उद्या उठले तर माझं कातडं सोलतील."

सासूबाईंनी ऐकलं. या घरची बाई गोषातून बाहेर पडल्याचं कुणाला आठवत नाही. त्या पडल्या. डोक्यावर शेला घेऊन भर दुपारी पायी पटांगणात गेल्या आणि गोलंदाजाच्या हातातली काठी काढून त्याच्याच पाठीत घातली. म्हणाल्या, उचल. तोफा बैल जुंपून टेकडीखाली परत गेल्या. भावजी पांढरेफटक.

मला रडू आलं, तोंडात पदर कोंबून रडले.

संध्याकाळी गंगू आली. दारातच बसली, आत येईना. कुजबुजली, "बाईसा, वणां ने बी तोपां आगे लई ली. अपणी गली के माथे, पीपल नीचे."

आमच्या तोफा पुढे आल्या हे कळल्यावर धाकट्या पातीवाल्यांनी त्यांच्याही पुढे आणल्या होत्या. का नाही आणणार? आम्ही आणल्या म्हणून त्यांनी. आता आमच्या मागे गेल्या आणि त्यांच्या तिथंच आहेत, आमच्या परसामागच्या पिंपळाखाली. तिथं सासूबाईंची काठी चालत नाही.

भावजी त्यांच्याकडे बोलायला गेले. पानसुपारी झाली. त्यांना वाईट वाटलं, खरंच वाटलं. पण त्यांच्यापर्यंत उलटंच पोचलं होतं, की थोरल्या पातीचा मानकरी आपली तोफ कमी पडू नये म्हणून दुखण्याचं सोंग करतोय. सोंग! आठवड्यापूर्वी वाटी थरथरवण्याच्या गप्पा मारणाऱ्याचं बोलणं कोण खरं मानणार. तोफ देवीची, म्हणाले, ती जागची हलवायला दरबाराचा हुकूम लागेल, आणि दरबार सणात.

आ. शु. ९

नवमीचा बोकड. दरसाल चौकातच पडतो. सासूबाईंनी स्वतः त्याचं तोंड फडक्यानं बांधलं आणि परसाच्या टोकाला नेला. भावजींचा वार पहिल्यानं बसला नाही. मुकं जनावर पाय झाडत राहिलं. झरोक्यातून मला दिसत होतं, ऐकू काही येत नव्हतं. बघवलं नाही, तरी बघितलं.

ढब्बूला गंगूच्या घरी पाठवलं.

दिवसभरात आचके कमी. पण दरेक आधीच्याहून लांब. मधे एकदा श्वासच थांबला, ओठ जांभळे. मी त्यांच्या कानाशी तोंड नेऊन नुसता श्वास घेत राहिले, सावकाश, आबांसारखा. आला परत. त्यांच्या डोळ्यांच्या कडेनं पाणी गळत होतं. मी पुसलं नाही, स्पर्शानंही वाकतात.

कापशी व्याली. फडक्याखाली हलतंय. किती आहेत ते बघणार नाही.

आ. शु. १०, दसरा

झरोक्यात उश्या कोंबल्या. दारावर घरातल्या सगळ्या गाद्या. त्यांच्या कानांत तेलाचा कापूस. कापशीच्या टोपल्यावर आधी गोधडी टाकली, मग काढली. तिला वारा लागतो.

दुपारी आपल्या तोफा झाल्या. टेकडीखालून, लांबून, पोटात गुरगुरल्यासारख्या. पहिलीला ते वाकले. मी अंगावर हात न ठेवता नुसती जवळ. दुसरीला वाकले, तिसरीला कमी. मग सगळ्या झाल्या. अंग सैल पडलं, श्वास चालू. कापशीनं एकदाच पाय आपटला, मग पिलांवर जाऊन बसली. खाल्लं नाही. मी कान देऊन होते, खाल्लं नाही.

सासूबाई आत आल्या. टोपल्याजवळ बसल्या. ज्यांनी पातेलं काढायला सांगितलं होतं त्या. मला खुणेनंच विचारलं, काय करू? मी दाखवलं : दोन्ही हातांनी टोपलं पोटाशी धरा, आणि श्वास हळू. त्यांनी धरलं. त्यांना श्वास हळू करता येईना. मुलगा समोर पडलेला, कसा येईल. मी म्हणाले, "आईसाहेब, माझ्याकडे बघा." मग थोडा जमला.

हा माणूस जगावा असं मला वाटतंय. मला हे पटत नाही, पण वाटतंय. जगला तर उद्या पुन्हा हात उचलेल, हेही ठाऊक आहे. उचलला तर बघू, घरात फुंकणी आहे.

गंगू दाराशी. "बाईसा, पीपल नीचे बत्ती सिलगी गई."

धाकट्या पातीची बत्ती पेटली, पेन्सिल ठेवते. दोन्ही हात लागतील.